नंदीपासून सत्तर मीटर

या, असे पुढे या. दाराशी बसू नका, तिथे बोलणं अर्धंच पोचतं आणि ही गोष्ट अर्धी ऐकून उठण्यासारखी नाही. मांडी घाला, पाय दुखत असतील तर सोडून बसा. कीर्तन मी करणार नाही. देवाने मला गाता गळा दिला नाही. चाळीस वर्षं मी बुवांच्या मागे उभी राहून टाळ धरले, एवढीच माझी सेवा. पण एक गोष्ट आहे माझ्यापाशी, आमच्या तळेकोंड गावची, आणि ती मीच सांगायला हवी. शेवटी तुमच्याकडे एक मागणं मागणार आहे.

आमच्या गोविंदबुवांची रीत अशी की आधी निरूपण, मग आख्यान. मीही तशीच जाते. निरूपण गणिताचं आहे. घाबरू नका, नववी-दहावीच्या मुलींना मी एकतीस वर्षं हेच शिकवलं.

आमचं गाव घाटाच्या पायथ्याशी. ज्या काळाची ही गोष्ट, त्या काळात दर पावसाळ्यात कुठला ना कुठला डोंगर खाली यायला लागला होता. माणसं चिखलाखाली जिवंत असायची, पण कुठे आहेत ते वेळेत कळायचं नाही. फोनची लहर ओल्या मातीत हातभरसुद्धा जात नाही, आणि उपग्रहाला चिखलाखालचं दिसत नाही. मग मणी आला. जोंधळ्याच्या दाण्याहून थोडा मोठा, काळ्या दोऱ्यात ओवून गळ्यात घालायचा. त्याची लहर फार संथ होती, म्हणून ती मातीतून, दगडातून, पाण्यातून निघून जायची. ऐकायला मात्र पुरुषभर उंचीचा खांब लागे, खडकात पाय रोवलेला. गावात असे तीन खांब. लोक त्यांना ‘कान’ म्हणत. खांबाने साद घातली की मणी ओ देई, आणि साद जाऊन ओ परत यायला लागलेल्या वेळावरून अंतर निघे. मण्यात आणखी एक सोय होती. गळ्याखालची धडधड तो मोजायचा आणि तीही कळवायचा.

आता नीट ऐका. कानाला फक्त अंतर कळतं. दिशा कळत नाही. एका खांबापासून माणूस सत्तर मीटरवर आहे म्हणजे सत्तर मीटरच्या वर्तुळावर तो कुठेही असेल. दुसऱ्या खांबाचं वर्तुळ काढलं की दोन वर्तुळं एकमेकांना दोन जागी छेदतात. एक जागा खांबांच्या रेषेच्या या अंगाला, दुसरी त्या अंगाला, आरशात बघावं तशी. त्या दोनांतली खरी कोणती हे तिसरा खांब सांगतो. पण तो रेषेच्या बाहेर असेल तरच. तोही त्याच रेषेत उभा केला तर त्याचं वर्तुळ पुन्हा त्याच दोन जागांतून जातं आणि तिन्ही कान मिळून तेच सांगतात जे दोघांनी सांगितलं.

फळ्यावर मी हे असं लिहायची: दोन बिंदूंच्या आडव्या अंतराचा वर्ग, उभ्या अंतराचा वर्ग, बेरीज, वर्गमूळ. वर्ग केला की उणे असो, अधिक असो, चिन्ह पुसलं जातं. एका वर्षी शेवटच्या बाकावरून भागीरथी गुरवने हात वर केला. गणितात ती जेमतेम पास होणारी. म्हणाली, “बाई, सूत्रातनं किती लांब ते कळलं. पण कुठल्या अंगाला ते कसं कळायचं?”

मी म्हटलं, “अंग विचारलेलं नाही. जेवढं विचारलंय तेवढं लिही.”

वर्ग हसला. तीही हसली. झालं निरूपण.

तळेकोंडचं देऊळ शंकराचं. गावात एकच जागा अशी की जिच्याखाली सलग कातळ आहे, आणि देऊळ त्या कातळावर. पश्चिमेला गाभारा, समोर पूर्वेला चोवीस मीटरवर नंदी, नंदीपुढे आणखी चोवीस मीटरवर दीपमाळ. तिन्ही एका ओळीत, जशी सगळीकडे असतात. ओळीच्या उत्तरेला गुरवांची वाडी, दक्षिणेला आमची. माझं घर नंदीपासून सरळ दक्षिणेला. लग्नानंतरही भागीरथी गावातच राहिली, नवरा घरजावई आला आणि दोन वर्षांत वारला. तिचं घर नंदीपासून सरळ उत्तरेला, जवळजवळ तितक्याच अंतरावर. देवळाची पूजाअर्चा, बेल आणणं, निर्माल्य काढणं, सगळं तिच्याकडे. तिची मुलगी तुळसा तेव्हा चौदाची.

खांब बसवणारी माणसं आली तेव्हा त्यांचा कागद गावकीत मी वाचून दाखवला. तीन अटी होत्या. खांब कातळात हवेत. एकमेकांपासून वीस मीटरच्या पुढे हवेत. आणि एका रेषेत नसावेत.

दोन जागा लगेच ठरल्या, एक गाभाऱ्यामागे आणि एक नंदीपाशी. तिसऱ्यासाठी मी कासव सुचवलं. कासव म्हणजे देवळाच्या उत्तर अंगाचा तो कुबडासारखा खडक, नंदीपासून वीस मीटरवर. पण कासवाला एका बाजूने तळं आहे आणि दुसऱ्या बाजूने पन्हळ. पिंडीवर अभिषेक केला की तीर्थ ज्या दगडी पन्हळीतून उत्तरेला बाहेर पडतं, ती. शंकराला प्रदक्षिणा घालताना आपण त्या पन्हळीपाशी थांबतो आणि उलटे फिरतो, ती ओलांडत नाही. आमच्या गावात तर खेळताना चेंडू पलीकडे गेला तर तो तिथेच राहायचा. खांब कासवावर ठेवला तर दर पंधरा दिवसांनी कोणीतरी पन्हळ ओलांडून तो पुसायला जाणार.

गोविंदबुवा रागावले नाहीत. त्यांना रागावता येतच नसे. म्हणाले, “बाई, पिढ्यान्‌पिढ्या जी रेषा कोणी ओलांडली नाही ती यंत्रासाठी ओलांडायची का? दीपमाळेपाशी ठेवू या की. तीन कान देवाच्या दारात. याहून चांगलं काय?”

लोकांना ते इतकं आवडलं की काही बायकांनी हात जोडले. तेवढ्यात मागून भागीरथी म्हणाली, “मी रोजच ओलांडते ती पन्हळ. निर्माल्य अडकतं, ते काढायला. देव काय नाय म्हणत मला. मी पुसत जाईन खांब.”

कोणीतरी म्हणालं की तुझं वेगळं, तू गुरवीण. विषय तिथेच संपला. मग बुवांनी माझ्याकडे पाहिलं. एका रेषेत नसावेत म्हणजे नक्की काय, दीपमाळ चालेल ना, असं विचारलं.

मला ठाऊक होतं. माझ्याइतकं त्या सभेत कोणालाच ठाऊक नव्हतं. पण बुवांच्या कीर्तनाला मी वयाच्या अठराव्या वर्षापासून उभी राहत आले. त्यांच्या तोंडून कथा ऐकताना मला देव दिसल्यासारखा वाटायचा. त्या माणसाला चारचौघांत नाही म्हणायचं माझ्या जिवावर आलं. दीपमाळ नंदीच्या ओळीतून वीतभर बाजूला आहे, बांधणाऱ्याच्या हातून झालेली चूक. मी म्हटलं, “दीपमाळ अगदी रेषेत नाही तशी. थोडी बाजूला आहे. चालेल.”

वीतभर. सत्तर मीटरच्या हिशोबात वीत म्हणजे काहीच नाही. खांबवाल्या मुलांना पुढच्या गावी जायची घाई होती. त्यांनी कागदावर तीन बरोबरच्या खुणा केल्या आणि सही माझी घेतली.

महिनाभराने भागीरथी माझ्याकडे आली, हातात फोन. आपला मणी कुठे आहे ते ज्याला त्याला नकाशात दिसायचं. म्हणाली, “बाई, काल रात्रीचा भात मी माझ्या चुलीवर केला, पण हे म्हणतंय मी तुमच्या घरात होते. जेवायला तरी बोलवायचंत.”

मी नकाशा पाहिला. तिचा ठिपका माझ्या पडवीत बसला होता. दोन उत्तरं सारखीच खरी ठरली तर यंत्र त्यातलं पहिलं दाखवून मोकळं होतं. बनवणाऱ्याने धरून चाललेलं की तीन खांब एका ओळीत कोण लावेल. मला सगळं एका क्षणात कळलं. आणि मी तिला चहा दिला, आणि म्हटलं की नवीन यंत्र आहे, बसेल हळूहळू. ती माझ्याकडे बघत राहिली. शेवटच्या बाकावरून बघायची तशीच. चहा पिऊन कप विसळून गेली.

दुसऱ्या दिवशी जाऊन सांगू, असं मी ठरवलं होतं. मग चातुर्मास लागला.

आता आख्यान.

श्रावणातला तिसरा सोमवार. चार दिवस पावसाने उसंत दिली नव्हती. सकाळी दहाला कीर्तन उभं राहिलं. तिसऱ्या सोमवारी घरी कोणी राहत नाही अशी आमच्याकडची रीत. अंथरुणाला खिळलेल्यांनासुद्धा खुर्चीत बसवून आणतात. चौसष्ट माणसं देवळात होती. म्हणजे सगळं गाव.

माझे स्वतःचे टाळ होते, माझ्या आईचे. काशाचे, आवाज असा की संपता संपत नाही. त्या दिवशी मी घाईत ते घरी विसरले असं मला वाटलं आणि देवळातले उचलले. एकाला चीर गेलेली, आवाज बसका. पूर्वरंगभर मला तो खुपत राहिला. बुवा इतकं सुंदर बोलत होते, आणि मागून माझा तो फुटका टाळ. पूर्वरंग संपला, बुवांना बुक्का लावला, हार घातला. त्या चार मिनिटांच्या गडबडीत मी भागीरथीला खूण करून जवळ बोलावलं आणि म्हटलं, “माझे टाळ आण गं पटकन. कोनाड्यात आहेत.”

ती हसली. म्हणाली, “आणते. बघालच तुम्ही.”

डोक्यावर इरलं घेऊन ती गेली. मी बघितलं नाही ती कुठल्या दारातून गेली ते. मी बुवांकडे बघत होते.

आधी वास आला. ओल्या मातीचा नव्हे, नव्याने खणलेल्या विहिरीचा. मग तबलजीचा हात थांबला. आवाज आला तेव्हा तो आवाज आहे हेच कळेना. पायाखालचा कातळ थरथरला, घंटा आपोआप वाजायला लागल्या. चिखल देवळाच्या कातळाला आपटून दोन बाजूंनी फुटला आणि एक लोंढा उत्तरवाडीवरून, एक दक्षिणवाडीवरून खाली गेला. मिनिटभरात संपलं. दोन्हीकडे एकही छप्पर दिसत नव्हतं. देवळाला ओरखडा नव्हता. कीर्तनाने गाव वाचवलं असं आजही लोक म्हणतात, आणि ते खरंच आहे.

दत्ताराम घाग ग्रामपंचायतीत शिपाई होता. खांबांचे आकडे ज्यावर दिसत त्या पडद्याचं काम त्याच्याकडे. त्याने मणी मोजले. त्रेसष्ट देवळात, एक बाहेर. गाभाऱ्यापासून चौऱ्याहत्तर मीटर, नंदीपासून सत्तर, दीपमाळेपासून पुन्हा चौऱ्याहत्तर. ठिपका दक्षिणेला, माझ्या घरावर. धडधड मिनिटाला शहाण्णव.

“कोण?” बुवांनी विचारलं.

मी सांगितलं की भागीरथी. मी तिला माझ्या घरी पाठवलं होतं, टाळ आणायला.

यंत्राने सांगितलं तेच मी सांगितलं. कोणाला शंका यायचं कारणच नव्हतं. मला? तुम्ही हे विचारणार, आणि मी रोज विचारते. ठिपक्याचं मला आठवलं, पडवीत बसलेला तो ठिपका. पण मीच तर तिला तिकडे पाठवलं होतं. यंत्र यावेळी बरोबर आलंय, असं मी मनाशी म्हटलं. देवाचे आभारसुद्धा मानले.

ओढ्यावरचा साकव वाहून गेला होता. बाहेरची मदत दुसऱ्या दिवसाशिवाय येणार नव्हती. ढग इतके खाली उतरलेले की उडती यंत्रंही येईनात. फावडी होती चौदा, घमेली वीस-बावीस, आणि देवळातल्या परातीसुद्धा घेतल्या. दत्तारामने दोरी टाकली, नंदीपासून सत्तर मीटर दक्षिणेला, आणि सगळं गाव तिथे खणायला लागलं. साखळी केली. बुवा साखळीत उभे होते, गळ्यात हार तसाच. म्हाताऱ्या बायका आणि पोरं तेवढी गाभाऱ्यात बसवली होती. तुळसाला माझ्या जावेने मांडीत घट्ट धरून ठेवलं होतं, तिने धावत बाहेर जाऊ नये म्हणून.

पावणेबाराला सुरुवात झाली. दत्ताराम मधूनमधून ओरडून आकडा सांगायचा. ब्याण्णव. अठ्ठ्याऐंशी. आकडा ऐकला की फावडी जोरात चालायची. दीडच्या सुमाराला माझं छप्पर लागलं, मग भिंत. एक बाजू उभी होती. कोनाडा सापडला. मी हाताने चिखल काढला. आत उदबत्तीचं घर होतं, आईचा फोटो होता. टाळ नव्हते.

“म्हणजे घेतले तिने,” कोणीतरी म्हणालं. “घेऊन परत निघाली असणार.”

मग देवळाच्या दिशेने आणखी अर्धा तास खणलं. ठिपका जागचा हलत नव्हता, आणि आमचं त्याच्या भोवती सगळीकडे खणून झालं होतं. आकडा एकाहत्तरवर आला.

मी देवळात पाणी प्यायला आले. तुळसाने विचारलं, आई तुमच्याकडे कशाला गेली होती. तोवर तिला कोणी सांगितलंच नव्हतं. आम्ही तिला काही विचारलंही नव्हतं. मी म्हटलं, माझे टाळ आणायला.

ती म्हणाली, “टाळ आमच्याकडेच आहेत. सकाळी तुम्ही पूजेला बसलात तेव्हा आईने आणले. दोरी जीर्ण झाली होती ना, नवीन ओवून ठेवलीये लाल. तुम्हाला सांगायचं नाही म्हणाली.”

मी धावत बाहेर आले आणि ओरडले की थांबा, उत्तरेला चला, ती तिच्या घरात आहे.

कोणी हललं नाही. त्यांना दोष देऊ नका. अडीच तास उपाशीपोटी खणून त्या माणसांच्या हातांची सालटी निघाली होती. दत्ताराम पडदा माझ्यासमोर धरून म्हणाला, “बाई, मशीन इथं दाखवतंय. पोरीच्या शब्दावर एवढा खड्डा सोडायचा?”

मग मला सांगावं लागलं. सगळ्यांसमोर, चिखलात उभं राहून. की हे यंत्र दोन जागा सांगतं आणि त्यातली एकच दाखवतं. की तिन्ही कान एका ओळीत आहेत म्हणून त्यांना अंग कळत नाही. की हे मला खांब बसवायच्या दिवशी माहीत होतं.

मला वाटलं होतं कोणीतरी शिवी देईल.

मी म्हटलं, दीपमाळेचा खांब उपटून कासवावर नेऊ या. नंदीपासून कासव वीस मीटर उत्तरेला. ती उत्तरेला असेल तर कासवापासून पन्नासावर येईल. दक्षिणेला असेल तर नव्वदवर. एकच आकडा बघायचा आहे.

पहारींनी खांब सुटा करायला वेळ लागला. चौघांनी उचलला. पन्हळीपाशी आल्यावर पुढचे दोघे थांबले. खरं सांगते, त्या वेळीसुद्धा थांबले. पाय पुढे टाकायचा आणि मागे घ्यायचा. बुवा मागून आले, एकाला बाजूला करून स्वतः खांद्यावर खांब घेतला, आणि पाऊल पलीकडे टाकलं. मागून बाकीचे गेले.

कासवावर खांब उभा धरला. मी दत्तारामच्या शेजारी उभी होते. पडद्यावर आकडा यायला श्वासभर वेळ लागतो. चाळीस वर्षं मी देवापुढे उभी राहिले, पण एवढ्या जिवाच्या आकांताने त्याच्याकडे कधी काही मागितलं नव्हतं. मी नव्वद मागितले. ऐकलंत ना? ती दक्षिणेलाच असू दे, आम्ही खणलं त्याच्याखालीच असू दे, आणखी हातभर खाली, म्हणजे हे अडीच तास वाया गेले नाहीत. असं मी मागितलं.

“पन्नास,” दत्ताराम म्हणाला.

लोक पळतच सुटले. उत्तरेला चिखल जास्त खोल होता, दोन पुरुष. तीन वाजता पहिलं घमेलं निघालं. आकडा साठ. मग चोपन्न. माणसं फावडी टाकून हातांनी खणत होती कारण फावड्यांना जागा उरली नव्हती. तुळसाला आता कोणी धरत नव्हतं. ती घमेली वाहत होती, रडत नव्हती. बुवांना मी म्हटलं काहीतरी म्हणा, नामाचा गजर तरी करा, लोकांच्या हातांना जोर येईल. घमेलं पुढे दिलं त्यांनी नुसतं.

चार वाजून दहा मिनिटांनी दत्तारामने आकडा सांगायचं थांबवलं. तो ओरडला नाही, काही नाही. पडदा उलटा करून मांडीवर ठेवला आणि फावडं उचललं. त्यावरून आम्हाला कळलं.

पाऊण तासाने ती सापडली. उंबरठ्यापाशी, तुळई आडवी पडून तिच्यावर थोडी पोकळी राहिली होती, म्हणून एवढा वेळ टिकली. बाहेर निघायच्याच बेतात होती. इरलं डोक्यावर, आणि टाळ पदरात गुंडाळलेले, भिजू नयेत म्हणून. लाल दोरी. चार पदरांची, गोंडे लावलेली.

पुढचं थोडक्यात सांगते. मोठा अधिकारी आला, मी त्याला सगळं सांगितलं, सहीसकट. त्याने अहवालात लिहिलं की स्थानिक परिस्थितीमुळे अंदाजात त्रुटी राहिली. आता सगळीकडे यंत्र आधी तपासतं की खांब एका ओळीत आहेत का, आणि असले तर सुरूच होत नाही. यंत्राला दिलेल्या सूचनांत दोन ओळींचा बदल. मला शिक्षा झाली नाही. गावात मला अजून बाईच म्हणतात. कोणी बोलून दाखवत नाही. नमस्कार करतात आणि पुढे जातात. पूर्वी थांबायचे.

बुवांकडे मी गेले होते. मनात एवढंच, की ते काहीतरी म्हणतील, दैव म्हणतील, कर्म म्हणतील, मला धरायला काहीतरी देतील. ते म्हणाले, “बाई, मी ओलांडली तेव्हा पन्हळ कोरडी होती. वरून चिखलाने बुजली होती ना. तीर्थाचा थेंब नव्हता तिच्यात.” त्यानंतर त्यांनी कीर्तन केलं नाही. पेटी अजून देवळात आहे, कापड घातलेली. मी दर सोमवारी जाते, समोर बसते. जिथे बुवा उभे राहायचे तिथे बघत बसते. देव आहे असं मला अजून वाटतं. पण आता तो माझ्या कुठल्या अंगाला आहे, ते मला सांगता येत नाही.

आणि तुळसा. ती मामाकडे गेली. जायच्या आदल्या दिवशी मी तिला टाळ द्यायला गेले. ती घेईना. मी तिला सगळं सांगितलं, वर्गातला तो प्रश्न, सभा, पडवीतला ठिपका, चहा. मोठ्या माणसाला सांगावं तसं सांगितलं. तिने शांतपणे ऐकून घेतलं. मग विचारलं, “आईला माहीत होतं का, की तुम्हाला माहीत आहे?”

मी म्हटलं, “हो. मला वाटतं होतं.”

“तरी ती तुमच्यासाठी दोरी ओवत बसली,” तुळसा म्हणाली, आणि आत गेली. त्याला सहा वर्षं झाली. मी पत्रं टाकते. उत्तर येत नाही, आणि यावं असं काही मी केलेलंही नाही.

टाळ माझ्या कोनाड्यात आहेत. नवीन घर, नवीन कोनाडा. दोरी अजून लाल आहे. एकदाच हातात घेतले, एकमेकांना लागू दिले नाहीत.

आता मागणं. तुम्ही कीर्तनाला जाता, देवळात जाता. पूर्वरंग संपतो, बुक्का लावतात, हार घालतात, सगळे जरा सैल होतात, पाणी पितात. त्या चार मिनिटांत एक नाव मनात घ्या. भागीरथी गुरव, तळेकोंडची. गणितात जेमतेम पास होणारी. आणि ते नाव घेताना, बसल्या जागी तोंड उत्तरेकडे करा. एवढं जमेल ना तुम्हाला? उत्तरेकडे. आम्ही अडीच तास दुसरीकडे बघत होतो.